बाद

आमच्या गावकऱ्यांच्या संघाच्या चिटणिसाने मला एक कोरी वही आणून दिली आणि अदबीने म्हणाला, "दोन्या झुनिल्दा, आपल्या सांता ल्युसिलाचा इतिहास तुम्हीच लिहा. तुमच्याइतकं माहीत असलेलं आता कोण उरलंय?" मी म्हटलं, लिहिते, पण लिहीन तसा छापायचा, एक ओळ गाळायची नाही. तो हसला. त्याला वाटलं म्हातारी गंमत करतेय.

तर घ्या इतिहास. १९१२ साली कंपनीने पाम्पावर, या कोरड्या वाळवंटात, जिथे माशीसुद्धा वाट चुकूनच येते अशा ठिकाणी, एक धुराडं उभं केलं. भोवती पत्र्याच्या घरांच्या बारा ओळी, एक दुकान, एक शाळा, बँडसाठी एक चौथरा आणि खालच्या अंगाला दफनभूमी. जमिनीतून कालिचे, म्हणजे सोऱ्याचा दगड, काढायचा, कालिचेतून सोरा काढायचा आणि सोरा आगगाडीत घालून बंदराला पाठवायचा. १९५८ साली कंपनी उठून गेली. छपरं, दारं, रूळ, चौथऱ्याचे कठडेसुद्धा भंगारात गेले. मेलेल्यांना मात्र भंगारवाल्यांनी हात लावला नाही, त्यामुळे गावातली तेवढीच वस्ती अजून जागेवर आहे. झाला इतिहास. बाकीचा सगळा एका शब्दात मावतो, आणि तो शब्द 'बाद'.

हा शब्द उच्चारायचा अधिकार गावात एकाच माणसाला होता. तो म्हणजे पारखी. कामगार उन्हात दिवसभर खणून, सुरुंग लावून, घणाने फोडून खेचराची गाडी भरायचा. मग पारखी घोड्यावरून यायचा. गाडीतला एक खडा उचलायचा, खलात कुटायचा आणि धुमसत्या वातीवर चिमूटभर पूड टाकायचा. पिवळ्या ठिणग्या उडवत तडतडली तर माल चांगला. नुसती धुमसली तर पारखी म्हणायचा, "बाद." त्यावर दाद नाही, फिर्याद नाही. गाडी बाद म्हणजे दिवस बाद, मजुरी शून्य.

आणि बाद गाडीचं पुढे काय व्हायचं? ती उलटी करून टाकून देत असतील असं तुम्हाला वाटेल. कसलं काय! ती बाकीच्या गाड्यांबरोबर निमूट भरडीत जायची. तिचाही सोरा निघायचा, तोही बंदराला जायचा. फक्त ती गाडी कुणी भरली हे वहीत कुठेच लागायचं नाही. माल आत, माणसाचं नाव बाहेर. आमच्याकडे बाद म्हणतात ते याला. हे नीट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आमच्या पारख्याचं नाव बाल्दोमेरो ओयार्सून. उंच, गोरटेला, मिशा मेण लावून वळवलेल्या. पाम्पाच्या धुळीतही त्याचे बूट चकाकायचे. त्याची बायको सेलिया चांगली बाई होती, आम्हा पोरींना भरतकाम शिकवायची. देव अशा जोड्या का लावतो ते त्यालाच ठाऊक. ती अठ्ठेचाळीस साली छातीच्या दुखण्याने गेली. चौथ्या रांगेत, भिंतीलगत पुरली आहे.

माझे वडील क्लोदोमिरो आराया. बुटके, रुंद, अबोल. बोलायची वेळ आली की आधी टोपी काढायचे. दर जुलैला वाळवंटातल्या माऊलीच्या जत्रेत ते नाचणाऱ्यांच्या मंडळात पिसांचा मुकुट घालून नाचायचे. माझा धाकटा भाऊ तापातून उठला तेव्हा त्यांनी माऊलीला नवस केला, सात वर्षं दारूला शिवणार नाही. पाच वर्षं झाली होती. लग्नात, बारशात लोक ग्लास पुढे करायचे आणि बाबा चहाचा कप उंचावून दाखवायचे. त्यावरून त्यांची थट्टा व्हायची. एलेउतेरिओ पाववाला तर त्यांना 'आमचे पाद्रीबाबा' म्हणायचा.

१९४६चा सप्टेंबर. मी सतरा वर्षांची. सोमवारी बाबांची गाडी बाद झाली. मंगळवारी पुन्हा बाद. बुधवारी आईच त्यांचा डबा घेऊन खाणीवर गेली होती, तिच्या डोळ्यांदेखत बाल्दोमेरोने वातीवर पूड टाकली, वात स्वतःच्या अंगाआड धरली आणि म्हणाला, "बाद." आई पुढे होऊन बघायला गेली तर त्याने वात बुटाखाली विझवली. बाबा टोपी हातात घेऊन नुसते उभे. आईने काय केलं, त्या गाडीतला मुठीएवढा खडा उचलला आणि ओच्यात टाकला.

त्याच दिवशी बाबांच्या जागेतला एक सुरुंग फुसका गेला होता. वात जळाली, पण बार उडाला नाही. असा सुरुंग एक दिवस तसाच ठेवायचा, जवळ फिरकायचं नाही, हे पाम्पावरच्या शेंबड्या पोरालाही कळतं. पण गुरुवारी सकाळी बाल्दोमेरो घोड्यावर बसूनच म्हणाला, "आराया, तुझी तीन दिवस बाद. आज दुपारपर्यंत ती जागा मोकळी झाली नाही तर दुसऱ्याला देतो." बाबांनी टोपी काढली, पुन्हा घातली आणि पहार घेऊन गेले. अकराला बार उडाला. आम्ही घरात घेवडा निवडत होतो, ताटलीतले दाणे उडाले.

मग कंपनीच्या कार्यालयात पारख्याने लिहून दिलं की कामगार आराया दारूच्या नशेत होता, त्यामुळे अपघात. एवढ्या एका ओळीने आमचं घर गेलं. तीन दिवसांत पत्र्याची खोली रिकामी करून दिली. पण घराचं सोडा, घरं काय, नंतर सगळ्यांचीच गेली. त्या ओळीने बाबांचं नाव नेलं.

ते कसं, सांगते. एक नोव्हेंबरला, मृतांच्या दिवशी, आमच्याकडे हजेरी होते. पाणी नाही म्हणून खरी फुलं नाहीत; कागदाची आणि पत्र्याची फुलं क्रुसांना बांधतात आणि मग एकेका मेलेल्याचं नाव पुकारतात. पुकारलं की सगळे ओरडतात, "हजर!" ज्याचं नाव पुकारलं तो आमच्यात. ज्याने माऊलीचा नवस मोडला त्याचं नाव मात्र पुकारायचं नाही. मंडळाच्या म्हाताऱ्यांनी कंपनीचा कागद बघितला आणि बाबांचं नाव यादीतून खोडलं. माणसं वाईट नव्हती. कागदावर इंग्रजी शिक्का होता, तो त्यांना देवाच्या शिक्क्यासारखा वाटला.

आम्ही बंदरात, इकिकेला गेलो. आई खलाशांचे कपडे धुवायची. एका बिस्किटाच्या डब्यात, विणलेल्या रुमालात गुंडाळून तिने तो खडा जपला. १९६९ साली ती गेली. शेवटच्या दिवशी तिने डबा माझ्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, "तू मोठी झालीस, संघात तुझं वजन आहे, उद्या तूच त्यांचं नाव पुकारायला लावशील. लावू नकोस. ज्या तोंडाने गेलं त्याच तोंडाने परत आलं पाहिजे. हा त्याच्यासमोर कुट. त्याच्याचसमोर." मी तिचा हात धरून हो म्हटलं. तेव्हापासून मला जगायला दुसरं काही कारण लागलं नाही. लग्न झालं, मुलं झाली, नवरा गेला, हे सगळं होत राहिलं, पण आत एक वात धुमसत होती. मी चांगली बाई नाही, लोक उगाच म्हणतात.

संघ म्हणजे 'सांता ल्युसिलाची लेकरं'. गाव उठल्यावर जिथे तिथे पांगलेल्यांनी तो काढला, आणि पुढे मी त्याची अध्यक्ष झाले. दफनभूमीची किल्ली माझ्याकडे. तिथे नवं माणूस पुरायचं तर सरकारी कागद लागतो आणि त्याखाली माझी सही. मला ती सही फार आवडते.

१९९१च्या सप्टेंबरात माझ्या दारात पन्नाशीची एक बाई उभी राहिली. हातात केकचा खोका. मी तिला ओळखलं नाही, पण तिची हनुवटी ओळखली.

"दोन्या झुनिल्दा, मी निन्फा. निन्फा ओयार्सून."

"बसा."

ती बसली. केक टेबलावर ठेवला, मी तो उघडला नाही. तिने सांगितलं की बाप अजून आहे, एकोणनव्वद वर्षांचा, डोळ्यांत मोतीबिंदू होऊन दोन्ही डोळे गेलेत, आणि त्याची एकच इच्छा उरली आहे. सेलियाजवळ पुरावं. सरकारी कागद तिने आणला होता.

"तुमच्या सहीवर अडलंय," ती म्हणाली. "त्यांच्यावर लोकांचा राग आहे हे मला माहीत आहे."

"लोकांचा नाही हो. लोक विसरलेत. माझा आहे."

"ते म्हातारे झालेत, दोन्या झुनिल्दा."

"माझे वडील नाही झाले."

ती मान खाली घालून म्हणाली, "तुम्ही काय म्हणाल ते करू." पंचेचाळीस वर्षं जे गळाला लागत नव्हतं ते स्वतःच्या पायांनी दारात आलं होतं, आणि वर केक घेऊन.

"एक नोव्हेंबरला त्यांना पाम्पावर आणा," मी म्हटलं. "सगळ्यांसमोर. मी एक वस्तू देईन, ती पारखून सांगायची. खरं सांगितलं तर जागा देईन. आणि खोटं सांगितलं तर मला कळेल."

"एवढंच?"

"एवढंच," मी म्हटलं. खरं सांगते, पाव किलो केक मी त्या संध्याकाळी एकटीने खाल्ला.

एक नोव्हेंबरला चार बस निघाल्या. मांडीवर कागदी फुलांचे खोके, डब्यात करंज्यांसारखे एम्पानादा, पोरांची रडारड, म्हाताऱ्यांची गाणी. सकाळी समुद्रावरून आलेलं दाट धुकं नऊपर्यंत वितळलं आणि पाम्पा नेहमीसारखी लखलखीत झाली. एलेउतेरिओ पाववाला माझ्या शेजारी बसला होता. आता ऐंशीचा आहे. त्याच्या मुलाची मी धर्ममाता, म्हणून तो मला कोमाद्रे म्हणतो. आवाज अजून भट्टीसमोर ओरडायचा तसाच, म्हणून हजेरी तोच घेतो.

"कोमाद्रे, डब्यात काय आहे?"

"दगड."

"म्हाताऱ्याच्या डोक्यात घालणार?"

"त्याच्या तोंडात घालणार."

"तसं बरं," तो म्हणाला. "डोक्यात घातलास तर दगड फुटेल."

दफनभूमीच्या फाटकाजवळ निन्फाच्या गाडीतून बाल्दोमेरो उतरला. मी कल्पना केली होती त्यापेक्षा फार लहान झाला होता. कोट ढगळ, हात थरथरते. पण बूट! बूट चकाकत होते. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही म्हणतात.

दोन-अडीचशे माणसं गोळा झाली. मी एका पेटीवर चढले आणि सगळं सांगितलं, बुधवारचं, गुरुवारचं, ओळीचं. पुष्कळांना ते माहीतच नव्हतं. मग डबा उघडला. "ही त्या बाद गाडीतली चीज. माझ्या आईने जपलेली. हे पारखी इथे आहेत. मी कुटते, वातीवर टाकते. तुम्ही डोळ्यांनी बघा, ते कानांनी ऐकतील. तडतडण्याचा आवाज ते विसरले नसतील."

खल एलेउतेरिओचा होता. मी खड्याचा एक कोपरा फोडून कुटला. वात पेटवली, फुंकून धुमसती केली. चिमूट भरून वर टाकली.

काही झालं नाही.

फुस्स झालं, थोडा धूर आला. मी दुसरी चिमूट टाकली, तिसरी टाकली. पूड वातीवर ओल्या मातीसारखी बसली आणि वात विझली. मागून कुणीतरी खोकलं. एक तरुण पोरगी हळूच म्हणाली, "म्हणजे खरंच बाद होता?" ते मला ऐकू आलं.

पंचेचाळीस वर्षं तो खडा एकदाही पारखला गेला नव्हता. आईने 'त्याच्याचसमोर' म्हटलं होतं ना. आता मनात आलं, जर बाबांची गाडी खरंच बाद असली तर? जर त्या माणसाने त्या दिवशी खरंच सांगितलं असलं तर? आख्खं आयुष्य मी कुणावर दात-ओठ खाल्ले?

बाल्दोमेरो मान तिरकी करून ऐकत होता. त्याने फक्त एक शब्द उच्चारायचा होता. त्याच्या सवयीचा शब्द. मी त्याच्या तोंडाकडे बघत होते.

"इकडे दे," तो म्हणाला.

निन्फाने खडा त्याच्या हातात ठेवला. त्याने तो बोटांनी चाचपला, नखाने खरवडला, नाकाशी धरला. मग जीभ बाहेर काढून चाटला. एखाद्या पोराने खडीसाखर चाटावी तसा, सावकाश. पुन्हा एकदा चाटला.

"कुठे ठेवला होतास?"

"इकिकेला," मी म्हटलं.

"समुद्राजवळ?"

"धक्क्यामागच्या गल्लीत."

"मग काय होणार!" तो चिडला. पंचेचाळीस वर्षांपूर्वीचा तोच आवाज, घोड्यावरचा. "सोरा समुद्राची हवा पितो हे तुला कुणी सांगितलं नाही? पाणी पिऊन फुगलाय बिचारा. पूड कर, पत्र्यावर पसर, तासभर उन्हात ठेव. गाढवं सगळी."

लोकांत हसू फुटलं, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. खरंच, आम्ही पाम्पाची माणसं एवढी साधी गोष्ट चुकलो. इथे काही नासत नाही. इथे मेलेल्यांचे केसही शंभर वर्षं टिकतात. मग एखादी वस्तू जपायची म्हणजे वाऱ्याशी, दमटपणाशी काही करावं लागतं, हे आम्हाला सुचतच नाही. आईला सुचलं नाही, मलाही नाही.

पूड पत्र्यावर पसरली. तो तास फार लांबला. लोकांनी कबरींवर फुलं बांधली, खोके उघडले, खाल्लं. बाल्दोमेरोला खुर्ची दिली होती, उन्हात. पाम्पावर पाणी मागणाऱ्याला नाही म्हणत नाहीत, म्हणून त्याने मागितलं तेव्हा मीच पेला नेऊन दिला. पाणी पिताना त्याच्या गळ्याचा मणी वरखाली होत होता. मी तिथेच उभी राहून बघितला.

तासाने मी नवी वात पेटवली. चिमूट टाकली. आणि काय सांगू, पिवळ्याधमक ठिणग्या उडाल्या, माझ्या बोटांना चटके बसले, तडतड तडतड आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला. एलेउतेरिओ ओरडला, "पाद्रीबाबांची गाडी आली रे!" आणि त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं.

"पारखी," मी म्हटलं. "सांगा."

"चांगला," बाल्दोमेरो म्हणाला. "एक नंबर. चाटला तेव्हाच कळलं. जिभेला थंड लागतो." मग न विचारताच तो पुढे बोलत राहिला. "तेव्हाही कळलं होतं. वरून सांगायचे, रोज इतक्या गाड्या बाद करायच्या. कुणाच्या, ते माझ्यावर सोपवलेलं."

"मग आमचीच का?"

"तुझा बाप भांडायचा नाही."

माझ्या कानांत घण पडला. तो शत्रू असता, त्याने बाबांचा दुस्वास केला असता, तर मला समजलं असतं. बाबांनी टोपी काढली म्हणून त्यांना मारलं होतं.

"आणि दारू?"

"नव्हता प्यायला. मी आधी पोहोचलो होतो तिथे. तोंडाला चहाचा वास होता." त्याने हात गुडघ्यांवर ठेवले. "फुसका सुरुंग उघडायला कुणी पाठवलं, असं विचारलं असतं. म्हणून लिहिलं."

वाऱ्याने पत्र्याची फुलं वाजत होती. मी एलेउतेरिओच्या हातातली यादी घेतली नाही. यादीत ते नाव नव्हतंच. मी बाल्दोमेरोच्या समोर जाऊन उभी राहिले आणि म्हटलं, "पुकारा."

"काय?"

"तुमच्या तोंडाने गेलंय. पुकारा."

तो काठीवर जोर देऊन उठला. निन्फा सावरायला गेली, त्याने तिला बाजूला सारलं. टोपी काढली. आणि जेवढा आवाज उरला होता तेवढ्याने म्हणाला, "क्लोदोमिरो आराया!"

"हजर!"

दोनशे गळे. माझा नव्हता. मी रडले, ढसाढसा, सगळ्यांदेखत, आणि मला त्याची लाज वाटली नाही. आई, तुझं काम झालं, असं मी मनात म्हणत होते. मग तिथेच, खोक्यावर कागद ठेवून, सही केली. बाल्दोमेरोने अंदाजाने माझा हात शोधला आणि धरला. त्याचे तळवे गरम होते.

"फिटलं ना, पोरी?" तो म्हणाला.

"जागा देईन म्हणाले होते. दिली," मी म्हटलं.

परतीच्या बसमध्ये एलेउतेरिओ म्हणाला, "संपलं एकदाचं, कोमाद्रे. आता शांत झोप." मी हो म्हटलं. बाहेर बघत राहिले.

म्हातारा खोटं बोलला असता तर बरं झालं असतं, हे एलेउतेरिओला कसं सांगू? बाद म्हणाला असता, तर मला त्याचा आयुष्यभर निवांत राग करता आला असता. पण त्याने खरं सांगितलं. त्याला अगदी सहज खोटं बोलता येत होतं, वात विझली होती, लोक तयार होते, आणि तरी त्याने जीभ लावून खरं सांगितलं. त्या तासाभरात मी त्याच्याकडे बघत होते आणि मला कळलं की या माणसातही काहीतरी धातू आहे. उशिरा का होईना, चांगला.

जुलैमध्ये, जत्रेच्या आठवड्यात तो गेला. निन्फाने त्याला पाम्पावर आणलं, सेलियाशेजारी पुरलं. मी फाटक उघडून दिलं आणि पुन्हा लावून घेतलं. क्रूस साधा लाकडी होता. तिने विचारलं, नाव कोरायला कधी माणूस पाठवू? मी म्हटलं, हजेरी होऊ दे आधी, आमच्याकडे तशी रीत आहे. ती बिचारी थांबली.

एक नोव्हेंबर आला. पुन्हा चार बस, पुन्हा खोके. निन्फाने निळी कागदी फुलं आणली होती, स्वतः केलेली, आईकडून शिकलेल्या हाताची सफाई दिसत होती. एलेउतेरिओने पहिल्या रांगेपासून नावं घेतली. क्लोदोमिरो आराया, हजर! या वेळी माझाही आवाज निघाला. चौथी रांग आली. सेलिया ओयार्सून, हजर! निन्फाने बापाच्या नावाची चिठ्ठी एलेउतेरिओच्या हातात दिली होती. त्याने ती उघडली, तोंड उघडलं, आणि नव्या नावाला अध्यक्षाची परवानगी लागते, त्या रीतीप्रमाणे आधी माझ्याकडे बघितलं.

निन्फा हसत होती, डोळे भरलेले. फुलं छातीशी धरली होती.

"बाद," मी म्हटलं.

एलेउतेरिओला वाटलं त्याने चुकीचं ऐकलं. "कोमाद्रे?"

"माल आत घेतलाय. नाव लागणार नाही."

त्याने चिठ्ठी दुमडली, खिशात घातली आणि पुढचं नाव पुकारलं. लोक 'हजर' म्हणाले, पण दबक्या आवाजात. निन्फा ओरडली नाही, भांडली नाही. फुलं आईच्या क्रुसाला बांधली, सगळीच्या सगळी, आणि रुमालाने बापाच्या कोऱ्या क्रुसावरची धूळ पुसली. भांडणारी नव्हती ती. मला ते आधीच दिसलं होतं, पहिल्या दिवशी, केक घेऊन आली तेव्हाच.

चिटणीस, एक ओळ गाळायची नाही असं ठरलं आहे. सांता ल्युसिलामध्ये दोन पारखी होऊन गेले. दोघांनाही माल चांगला आहे हे कळत होतं.